रेव्हरंड आणि आत्याचा गुडघा

आमच्या घरी महिन्यातून एकदा, शनिवारी दुपारी चारच्या सुमारास, एक मेथॉडिस्ट पाद्री येऊन माझ्या आत्याच्या आत्म्याची चौकशी करत असे. हे मी पुण्यात कोणाला सांगितलं की ऐकणारा आधी माझ्या कपाळावरच्या कुंकवाकडे बघतो आणि मग आवाज खाली आणून विचारतो, तुमच्यात कोणी धर्म बदलला होता का. कोणीही बदलला नव्हता. आत्या पहाटे उठून, न्हाऊन, ओल्या केसांना गाठ मारून देवपूजा करायची आणि तिच्या हातची पूजा चुकलेला दिवस मला आठवत नाही. पाद्रीसुद्धा आपल्या जागी पक्के होते. फक्त महिन्यातून एका शनिवारी हे दोन पक्के लोक आमच्या दाराबाहेरच्या ओट्यावर, ज्याला तिकडे तंजावरला तिण्णै म्हणतात, समोरासमोर बसायचे. पाद्री तमिळमधून विचारायचे, ‘अक्का, आत्मा कसा आहे?’ आणि आत्या तमिळमधूनच सांगायची, ‘गुडघा दुखतो. बाकी सगळं बरं आहे.’

पहिल्यांदा हा प्रश्न आला तेव्हा आत्या गोंधळली होती. तिने आत येऊन माझ्या वडिलांना, आम्ही त्यांना अप्पा म्हणत असू, आमच्या मराठीत विचारलं, ‘आत्मा कसा आहे म्हणून विचारतात की? डाक्टर आहेत की हे, माधू?’ अप्पा म्हणाले, डॉक्टर नाहीत, पण जें काय दुखतें तें सांगून टाक, बाहेर माणूस वाट बघतो. तिने बाहेर जाऊन जे दुखत होतं ते सांगून टाकलं. पाद्र्यांनी ते गंभीरपणे ऐकून घेतलं, कोणता गुडघा ते विचारलं, आणि पुढच्या महिन्यात येताना निलगिरीच्या तेलाची बाटली आणली. तेव्हापासून आत्म्याच्या खात्यात गुडघा कायमचा जमा झाला आणि दोन्ही पक्षांना त्यात काही चूक दिसली नाही.

आमच्या घराबद्दल दोन शब्द सांगायला हवेत. आमचे पूर्वज मराठ्यांच्या राज्यात कारकुनी करायला तंजावरला आले आणि राज्य गेल्यावर परत जायचं कोणाच्या लक्षात आलं नाही. घरात मराठी, बाहेर तमिळ आणि गणितं इंग्रजीत, अशी आमची वाटणी होती. मराठी बोलायचो, पण वाचता कोणालाच येत नव्हती. मी देवनागरी शिकले ती लग्नानंतर, पुण्यातल्या दुकानांच्या पाट्या वाचून, त्यामुळे बरीच वर्षं माझा मराठी वाचनाचा व्यासंग सायकल दुरुस्ती आणि शुद्ध तूप यांच्या पलीकडे गेला नव्हता. आई मला आठवत नाही. अप्पांची थोरली बहीण म्हणजे आत्या, लवकर विधवा होऊन माहेरी आलेली, तिनेच मला वाढवलं आणि घरही तिच्याच हुकुमात चालायचं. सकाळी कॉफीच्या फिल्टरवर तिची चापट बसल्याचा आवाज आला की घर जागं व्हायचं. मग उडदाच्या पिठाचं ताकातलं डांगर, चिंचेच्या आंबट कालवणात सोडलेले डाळीचे गोळे, आणि त्या गोळ्यांवरून अप्पांचा आणि माझा वाद. अप्पा मिशन शाळेत गणित शिकवत. गावात त्यांना राव सार म्हणत.

पाद्री म्हणजे त्याच शाळेचे करस्पाँडंट, रेव्हरंड आसीर्वादम. तिकडे खाजगी शाळेचा कारभार ज्याच्या हातात असतो त्याला करस्पाँडंट म्हणतात. हा शब्द ऐकून मला लहानपणी वाटायचं की हे दिवसभर पत्रं लिहीत असणार. प्रत्यक्षात ते दिवसभर मोपेडवर असत. ओरत्तनाडूकडच्या एका खेड्यातल्या शेतमजुराचा हा मुलगा. मिशनच्या बोर्डिंगात शिकला, तिथेच मास्तर झाला, मग पाद्री झाला. मेथॉडिस्टांच्यात पाद्र्याला एका जागी मुळं धरू देत नाहीत, काही वर्षांनी उचलून दुसरीकडे ठेवतात. त्याप्रमाणे पापनाशमला ठेवून झालं, आणखी कुठे कुठे ठेवून झालं, आणि मग आमच्या शाळेत कोणी नव्हतं म्हणून तात्पुरतं ठेवलं. तात्पुरतं ठेवलेलं माणूस आमच्या पूर्वजांसारखंच विसरलं गेलं. मी शाळेत गेले तेव्हा त्यांचे केस गेलेले होते, पत्नी गेलेली होती, आणि ते तिथे तात्पुरतेच होते.

आता त्या आत्म्याच्या चौकशीविषयी. मेथॉडिस्टांची जुनी पद्धत अशी की मंडळीचे दहाबारा जणांचे गट पाडायचे, प्रत्येक गटाला एक म्होरक्या, आणि म्होरक्याने ठरल्या वेळी प्रत्येकाला तोंडावर विचारायचं, तुझ्या आत्म्याचं कसं चाललंय. रेव्हरंडांनी ही पद्धत उचलून शाळेला लावली. प्रत्येक शिक्षकाच्या वाट्याला काही मुलं, आणि महिन्यातून एकदा त्या मुलांच्या घरी जायचं, देतील ते प्यायचं, आणि विचारायचं. शिक्षक हिंदू, ख्रिस्ती, मुसलमान, कोणीही असो. एका नव्या शिक्षकाने विचारलं होतं की आत्म्याचं विचारायचं की मार्कांचं. रेव्हरंड म्हणाले, आत्म्याचं विचारा, मार्कांचं ते आपणहून सांगतात. अप्पा सायकल मारत भातशेतांच्या बांधावरून मजुरांच्या वस्त्यांवर जात आणि तिथे रात्रीच्या भातातलं आंबूस पाणी पिऊन येत. कुठे काय प्यायले हे ते आत्याला सांगत नसत आणि आत्या विचारत नसे. बाहेरून आले की ती त्यांना न्हाणीघर दाखवायची, एवढंच. पोटच्या पोरीची चौकशी बापाने करायची नाही असाही नियम होता, म्हणून मी रेव्हरंडांच्या गटात गेले आणि ते आमच्या तिण्णैवर आले.

त्यांच्यासाठी एक वेगळा टंबलर होता. स्टीलचा, काठाला किंचित पोचा आलेला. तो बाकीच्या भांड्यांत नसायचा, तिण्णैवरच्या खिडकीत पालथा असायचा. का, हे कोणी सांगत नव्हतं. रेव्हरंड आले की आत्या तो धुऊन त्यातून कॉफी द्यायची, बिनसाखरेची, फेस आलेली. ते संपवायचे, स्वतः उठून नळाखाली विसळायचे आणि खिडकीत पालथा ठेवायचे. पहिली काही वर्षं मला हे व्यवस्थितपणाचं लक्षण वाटायचं. आता वाटत नाही. आता तो टंबलर आठवला की मला लाज वाटते, आणि त्याच वेळी त्याच खिडकीखाली ते दोघं गुडघ्याबद्दल किती मनापासून बोलत ते आठवतं. या दोन गोष्टी एकमेकींत मिसळायला अजून तयार नाहीत.

मी दहावीत गेले त्या सुमाराला गावात बऱ्याच गोष्टी एकदम येऊ लागल्या होत्या. रस्त्यावरून केबलची काळी वायर एका गच्चीवरून दुसऱ्या गच्चीवर उड्या मारत आली. कोपऱ्यावर काचेची एसटीडीची खोली आली. आणि इंग्रजी माध्यमाच्या शाळा आल्या, टाय, पट्टा आणि पिवळ्या व्हॅनसकट. आमच्या शाळेत टाय नव्हता आणि फीही जवळजवळ नव्हती, त्यामुळे ती चांगली असणं शक्य नाही असं लोकांना वाटू लागलं. मळ्यातल्या मजुरानेही पोराला टाय बांधला. रेव्हरंड यावर काही बोलत नसत. ते दोन खोल्या बांधून घेण्याच्या मागे होते. आमची शाळा दहावीपर्यंतच होती, तिला अकरावी-बारावी जोडायची परवानगी त्यांनी किती कचेऱ्यांच्या बाकांवर बसून मिळवली होती हे अप्पाच सांगू शकले असते. मैदानाच्या कडेला दोन खोल्या उभ्या राहिल्या. गिलावा बाकी होता.

त्या खोल्यांत माझं पुढचं आयुष्य होतं, हे मी अतिशयोक्ती न करता सांगते. मला गणित घेऊन पुढे शिकायचं होतं आणि अकरावीची दुसरी शाळा गावाच्या पार टोकाला होती. आत्याचं म्हणणं पक्कं होतं, ‘बसांत पोर जाणार नाहीं. पायीं जात्तें तर जाऊं दे.’ अप्पांनी दोनदा तोंड उघडलं आणि दोनदा मिटलं. शेवटी एका शनिवारी गुडघ्याचं झाल्यावर रेव्हरंडांनीच विषय काढला. जूनमध्ये अकरावी आपल्याच शाळेत, पायी पाच मिनिटं, पोरगी डोळ्यासमोर. आत्याने बराच वेळ रस्त्याकडे बघितलं. मग तमिळमध्ये म्हणाली, ‘तुम्ही तिथे असाल तर जाईल.’ रेव्हरंड म्हणाले, निवृत्तीला अजून अवकाश आहे, असेन. मी दाराआड उभी होते. मला इतका आनंद झाला की त्या संध्याकाळी मी गोळ्यांवरून वाद घातला नाही.

मग पाऊस संपता संपता बातमी आली की मिशनच्या मुख्य कचेरीला इतक्या वर्षांनी अचानक आठवण झाली आहे की आसीर्वादम यांना कुठे तरी तात्पुरतं ठेवलं होतं. त्यांची बदली करायची का, आणि त्या दोन खोल्यांत अकरावीऐवजी इंग्रजीतली बालवाडी घालायची का, हे ठरवायला तीन ज्येष्ठ पाद्री शाळा बघायला येणार होते. पालक हादरले. त्यांची सभा आमच्या तिण्णैवर भरली, कारण अप्पांच्या जिभेवर सगळ्यांचा विश्वास होता. शेतमजूर, टांगेवाले, एक शिंपी, दोन शिक्षक. सगळ्यांचं एकमत झालं की त्या तिघांना एकदाच असं दाखवून द्यायचं की या गावात रेव्हरंडांना काय मान आहे. अप्पांनी हात वर करून विचारलं, कसं दाखवायचं? शिंप्याने सांगितलं, कटआउट.

ज्यांनी त्या काळचा तमिळनाडू बघितला नाही त्यांना सांगते की तिकडे एखाद्याला मान देणं म्हणजे प्लायवुडवर त्याचं चित्र काढून ते दोन मजल्यांएवढं उभं करणं. पुढाऱ्यांचे असत, नटांचे असत. ज्याचा कटआउट नाही तो मोठा माणूस कसला. सिनेमा थिएटरच्या मागे एक पेंटर होता, त्याच्याकडे एका पुढाऱ्याचं अंग तयार पडलेलं होतं. पुढाऱ्याने ऐनवेळी पक्ष बदलल्यामुळे त्याला नव्या पक्षाच्या रंगाच्या काठाचं धोतर हवं होतं आणि हे अंग वाया गेलं होतं. पेंटरने धोतरावर पाद्र्याचा पांढरा झगा रंगवला, मुंडकं नवीन काढलं आणि भरघोस केस दिले, कारण टकलाला उठाव येत नाही असं त्याचं म्हणणं होतं. उजवा हात लोकांना अभिवादन करत वर उचललेलाच होता, मनगटावर घड्याळ होतं. झग्याखालून धोतराचा जुना काठ थोडासा दिसत होता, पण इतक्या वर कोण बघतो. आणि धर्माचं माणूस आहे म्हणून त्याने स्वतःच्या बुद्धीने डोक्याभोवती रंगीत दिव्यांची माळ लावली, उघडमीट करणारी. हे सगळं रेव्हरंडांपासून लपवून ठेवलं होतं. आश्चर्याचा धक्का द्यायचा होता.

धक्का सगळ्यांनाच बसला. मेथॉडिस्टांच्या देवळात मूर्ती तर सोडाच, वेदीवर फुलंसुद्धा मोजकी असतात. त्या लोकांत माणसाने आपलं नाव कोनशिलेवर घालणंही जरा जास्तच समजतात. तीन वयस्क पाद्री पांढऱ्या गाडीतून उतरले आणि शाळेच्या फाटकाशी त्यांना गच्चीच्याही वर डोकं गेलेला, तेजोवलय लाल-हिरवं करत हात हलवणारा आसीर्वादम दिसला. नादस्वरम आणि तविल, म्हणजे तिकडची सनई आणि ढोल, दणक्यात सुरू झाले. मी मुलींच्या रांगेत पुढेच होते. तिघांतल्या मधल्याने चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला आणि पुन्हा वर बघितलं. अप्पांनी तिघांच्या गळ्यात माणसाच्या उंचीचे हार घातले आणि तमिळमधून भाषण केलं. माझ्या वडिलांचं ते आयुष्यातलं सर्वोत्तम भाषण होतं. त्यात त्यांनी सांगितलं की या शाळेत भिंती आहेत, बाकं आहेत, पण शाळा म्हणजे रेव्हरंड आसीर्वादम. त्यांना काढलंत तर इथे काही उरणार नाही. हे त्यांनी पुन्हा पुन्हा सांगितलं आणि दर वेळी टाळ्या पडल्या. आवाज ऐकून खरे रेव्हरंड वर्गातून बाहेर आले, हाताला खडू लागलेला. त्यांनी वर स्वतःकडे बघितलं. मग पेंटरला शोधून काढून त्याला म्हणाले, ‘केस जास्त दिलेस, बाबा.’

संध्याकाळी अप्पा खूश होऊन घरी आले. ‘सगळें बेस झालें, अक्का. वरती बघतच राहिले.’ आत्याने विचारलं, बोलले काय? अप्पा जरा थांबून म्हणाले, बोलले कांहीं नाहीं, पण बघत होते. आत्याने त्यांना शिरा करून घातला.

सहामाही परीक्षा संपते न संपते तोच हुकूम आला. एरवी बदल्या उन्हाळ्यात होतात. रेव्हरंडांना मात्र नवीन वर्ष लागताच निघायचं होतं, तिरुवैयारुच्याही पलीकडे, नदीकाठच्या एका एवढ्याशा देवळात, जिथे शाळा नव्हती. हे सांगायला ते शनिवार नसताना आले. अप्पा तिण्णैच्या खांबाला टेकून उभे होते, बसत नव्हते. रेव्हरंड म्हणाले, ‘राव सार, माणूस कामापेक्षा मोठा दिसायला लागला की त्याला हलवायचा, असं आमच्यात आहे. तुम्ही तर उभं करून उंची दाखवलीत.’ त्यांच्या बोलण्यात राग नव्हता, आणि त्यामुळे अप्पांना ते जास्त लागलं. ते खाली बसले. आत्या दारातून म्हणाली, ‘आम्हीच घालवलें की त्यांस.’ रेव्हरंडांना मराठी येत नव्हती, पण त्यांना कळलं. ते म्हणाले, नाही, कचेरीवाले हलवणारच होते, उन्हाळ्यापर्यंत थांबले असते इतकंच. खोल्यांचं त्यांनी सांगितलं की एकीत अकरावी होईल, तेवढं त्यांनी मागून घेतलं आहे. दुसरीत लहान मुलं इंग्रजी गाणी म्हणतील.

अप्पा सहजासहजी हार मानणारे नव्हते. त्यांनी सांगितलं की पालक फाटकाशी मांडव घालून उपोषणाला बसायला तयार आहेत. बांबू आणून ठेवले आहेत. तिघांच्या कचेरीला एवढी गडबड परवडणार नाही, हुकूम मागे घेतील. तुम्ही फक्त एकदा मान हलवा. मला वाटलं होतं रेव्हरंड लगेच नाही म्हणतील. ते नाही म्हणाले नाहीत. ते खिडकीतल्या टंबलरकडे बघत राहिले. त्यांची पत्नी शाळेजवळच्या त्यांच्या देवळाच्या आवारात, कडुनिंबाखाली पुरलेली होती, आणि शाळेची घंटा तिथवर ऐकू जायची. शेवटी म्हणाले, ‘रविवारी बघू, राव सार.’

रविवारी काय असतं हे अप्पांना माहीत होतं. नवीन वर्षाच्या पहिल्या रविवारी मेथॉडिस्ट मंडळी उभी राहून देवाशी केलेला करार नव्याने बोलतात. पाद्री एक ओळ सांगतो, लोक मागून म्हणतात. त्यात असं आहे की देवा, मी आता माझा नाही. तुला वाटेल तिथे मला ठेव, काम दे, नाही तर कोपऱ्यात बसव, मला दोन्ही चालेल. त्याच्या तमिळ प्रतींचा स्टेन्सिल दर वर्षी अप्पा कापत, कारण शाळेत सगळ्यांत वळणदार तमिळ अक्षर आमच्या मराठी घरात होतं. वर्षानुवर्षं ते शब्द त्यांच्या हाताखालून गेले होते, पण ते म्हटले जाताना अप्पांनी कधी ऐकले नव्हते. त्या वर्षी सगळेच गेले. पालक फाटकाशी बांबूंपाशी थांबले. कोपऱ्यात बसायला माझी हरकत नाही असं देवाला सांगून झाल्यावर लगेच मांडवात बसता येत नाही, एवढं सगळ्यांना कळत होतं. म्हणजे रेव्हरंड ती ओळ म्हणतात की नाही, यावर सारं अवलंबून होतं. मी अप्पांबरोबर शेवटच्या बाकावर होते. आत्या आत आली नाही. वहाणा काढून उघड्या दाराशी उभी राहिली, एक हात चौकटीवर.

हार्मोनियम थांबली. रेव्हरंडांनी सुरुवात केली आणि मंडळी ओळीमागून ओळ म्हणू लागली. देवळातले पंखे खडखडत होते. मी आजही त्या ओळी सांगू शकेन. ठेव मला वाटेल तिथे, लोक म्हणाले. वाटेल त्यांच्या सोबत, लोक म्हणाले. काम दे, म्हणाले रेव्हरंड, लोक म्हणाले, काम दे. आणि मग ते थांबले.

आधी वाटलं, श्वास घेतायत. मग वाटलं, पान उलटतंय. पण त्यांच्या हातातला कागद एकाच पानाचा होता, अप्पांनीच काढलेला. त्यांचे ओठ हलले आणि आवाज आला नाही. लोक उभेच. एक बाई डोळे टिपायला लागली. फाटकाकडे गडबड ऐकू आली, बाहेर कोणीतरी जाऊन सांगितलं असावं की थांबले, म्हणत नाहीत. मी अप्पांकडे बघितलं. मला त्या क्षणी फार आशा वाटली होती, हे मी सांगून टाकते. जूनमधली अकरावी, आत्याची अट, शनिवारची मोपेड, सगळं त्या न म्हटलेल्या ओळीवर उभं होतं आणि ओळ येत नव्हती. अप्पांनी फक्त गप्प बसायचं होतं.

आमच्या घरी पूजेत भटजी मध्येच अडकले तर त्यांना तसंच सोडत नाहीत. संकल्प अर्धा राहिला तर तो करणाऱ्याच्या अंगावर राहतो, म्हणून जो जवळ असेल आणि ज्याला शब्द येत असतील तो पुढचा शब्द हळूच सांगतो, आणि पूजा चालू राहते. अप्पा लहानपणापासून हे काम करत आले होते. शेवटच्या बाकावरून, वर्गात फळ्यापाशी अडलेल्या मुलाला सांगावं तशा आवाजात, माझे वडील तमिळमध्ये म्हणाले, ‘नाही तर कोपऱ्यात बसव.’

सगळ्या माना मागे वळल्या. रेव्हरंडांनीही वर बघितलं. बराच वेळ ते अप्पांकडे बघत होते आणि अप्पा त्यांच्याकडे. मग रेव्हरंड म्हणाले, ‘नाही तर कोपऱ्यात बसव,’ आणि मंडळी म्हणाली, आणि पुढची ओळ आली. दाराशी आत्याचेही ओठ हलताना मी बघितले. अप्पा पुढची एकही ओळ बोलले नाहीत. बाकाची कड धरून उभे होते.

घरी येताना वाटेत आत्याने एकदाच विचारलं, ‘माधू, तूं कशास सांगट्लास?’ अप्पा म्हणाले, ‘अटकले होते, अक्का.’ एवढंच. पालकांनी बांबू परत नेले. बरेच दिवस शिंपी अप्पांशी बोलत नव्हता. कटआउट पेंटर घेऊन गेला, पुढे एका दागिन्यांच्या दुकानाच्या उद्घाटनाला मी तोच उचललेला हात आणि तेच घड्याळ ओळखलं, वर वेगळं डोकं होतं.

निघण्याच्या आदल्या दुपारी रेव्हरंड आले. खिडकीत टंबलर नव्हता. आत्याने अप्पांच्या टंबलरमधून कॉफी आणली आणि त्यांच्या हातात दिली. त्यांनी तो फिरवून बघितला आणि विचारलं, ‘माझा कुठे गेला?’ आत्या म्हणाली, ‘तो बांधून ठेवला आहे. तिकडे तुम्हाला कोण कॉफी देणार.’ खरंच तिने तो फडक्यात बांधला होता, आत कॉफीची पूड भरून, शेजारी छोटा फिल्टर आणि डांगरासाठी भाजून दळलेलं उडदाचं पीठ. रेव्हरंडांनी कॉफी संपवली आणि सवयीने विसळायला उठले. आत्याने त्यांच्या हातातून टंबलर काढून घेतला आणि आत नेऊन आमच्या भांड्यांत ठेवला. मग त्यांनी नेहमीचं विचारलं, तिने नेहमीचं सांगितलं. माझ्याकडे बघून ते म्हणाले, ‘आणि ही?’ आत्या म्हणाली, ‘जाईल.’ तुम्ही असाल तर, हे ती म्हणाली नाही.

मी गेले. भिंतीपलीकडे बालवाडी इंग्रजीतून पावसाला निघून जायला सांगायची आणि अलीकडे मी गणितं सोडवायचे. त्या गणितांच्या जोरावर मी पुढे शिकले, शिकवू लागले आणि पुण्यापर्यंत आले. रेव्हरंड नदीकाठच्या त्या देवळात निवृत्त झाले आणि पुढे तिथेच वारले. नव्या करस्पाँडंटनी घरोघर जाण्याची पद्धत बंद केली, त्याऐवजी पालकांनी शाळेत यायचं ठरलं. अप्पांनी नव्या नियमाला मान डोलावली आणि शनिवारी सायकल काढली. निवृत्त होईपर्यंत ते वस्त्यांवर जात होते.

पण मला आठवतो तो रेव्हरंड गेल्यानंतरचा पहिला ठरलेला शनिवार. चार वाजायच्या आधीच आत्या तिण्णैवर येऊन बसली, भाजी निवडायचं निमित्त करून. रस्त्यावरून मोपेडी गेल्या. एकेका आवाजाला तिचा हात थांबायचा आणि पुन्हा चालू व्हायचा. भाजी निवडून संपली तरी ती बसून राहिली. अप्पा वस्तीवरून परत आले, सायकल भिंतीला लावली, तिच्याकडे बघितलं आणि न्हाणीघराकडे जायच्याऐवजी तिच्या समोर येऊन बसले, रेव्हरंड बसत त्या जागी. जरा वेळाने त्यांनी तमिळमधून विचारलं, ‘अक्का, आत्मा कसा आहे?’

आत्याने पदर गुडघ्यावरून सारखा केला. उत्तर तिने मराठीत दिलं. ‘गुडघ्यास कांहीं नाहीं, माधू,’ ती म्हणाली. ‘आज तें दुसरें दुखतें.’